उन्हाळ्याचं गाणं कुठल्या पिक्चरचं?

३ मे १९७७, मंगळवार. आष्टा
दादाची रजा संपली. सकाळच्या एस.टी.ने गेला. फाट्यापर्यंत ट्रंक मी नेली. घरी आलो तर अंगणात त्याची खाट तशीच. हात लावून पाहिला. गरम होती, उन्हाने की त्याच्याने, कोण जाणे. दुपारभर एक चाल डोक्यात. क्लॅरिनेटवर काढली, मग शब्दही आले.

उन्हाळा निघाला, फाट्यावर थांबला,
मागं वळून बघेना.
अंगणातली खाट अजून कोमट,
कोण उठून गेलं कळेना.

चार वेळा स्वच्छ लिहून काढले. फार संथ आहे. वरातीत कोण ऐकणार. पण आहे माझे.

७ मे, शनिवार
बँडच्या सरावाला धाडस केले. उस्तादांसमोर वाजवले. ते ओढायचे विसरले, बोटातली विडी विझली. मग म्हणाले, "कुठल्या पिक्चरचं?"

उस्तादांच्या बँडमध्ये घरी जुळवलेली चाल वाजत नाही. आमचा गाणारा बबन मागल्या वर्षी स्वतःचे गाणे घेऊन आला होता. त्याला म्हणाले, "पावण्यांनी पिक्चरचं ऐकाय बोलावलंय, तुझं न्हाई." हे आठवले आणि तोंडून गेलेच, "नवीन पिक्चर आहे. अजून यायचाय."

"मग सरगम लिहून दे सगळ्यास्नी."

आठ प्रती काढल्या. एकही खाडाखोड नाही. बाहेर बबनने गाठले. "ह्यातला फाटा आपलाच हाय की रं! पिक्चरचं नाव तरी ठरव, गड्या." कुणाला सांगू नको म्हणून पाया पडलो.

१५ मे, रविवार
कडेगावचे लग्न. सायंकाळी वरातीत पहिल्यांदा वाजले. नाचणारे थांबले. मला वाटले, संपलो. पण कुणी ओरडले नाही. बबन गात होता आणि माणसे नुसती उभी. नवरीचे मामा पुढे आले. "आवं उस्ताद, ह्ये कुठल्या पिक्चरचं?"

"यायचाय अजून," उस्ताद तोऱ्यात म्हणाले. "आमच्याकडं आदी येतं."

"मग परत होऊ द्या."

तीन वेळा झाले. माझे गाणे, तीन वेळा. परत येताना जीपमध्ये तोंड बाहेर करून बसलो, हसू दिसू नये म्हणून.

२९ मे, रविवार
वडूजला दुसऱ्या एका बँडने तेच वाजवले! आमच्याकडून कानाने उचललेले. अंतऱ्यात गंधार चुकीचा. राग आला. तरी रस्त्याच्या कडेला उभा राहून शेवटपर्यंत ऐकले.

बबन सांगतो, टॉकीजच्या दारवानाला लोक विचारतात, उन्हाळ्याचा पिक्चर कवा लागणार. तो म्हणतो, पुढल्या शुक्रवारी. खरे आहे का हे? बबनचे काही सांगता येत नाही. छाती भरून येते आणि भीतीही वाटते. दोन्ही एकदम.

६ जून, सोमवार
उस्ताद सांगलीहून आले. मला न सांगता गेले होते. ह्या गाण्याची रेकॉर्ड घ्यायला. मधले वाद्यांचे तुकडे नीट बसवायचे होते, आपल्या बँडचे नाव आहे म्हणून. तीन दुकाने पालथी घातली. गुणगुणून दाखवले. दुकानातली पोरे हसली.

"चाळीस वर्सं झाली वाजवतोय," म्हणाले. "आज पोरं हसली मला. कुठं ऐकलंस तू?"

सांगून टाकले. खाट, फाटा, सगळे.

उस्तादांनी हार्मोनियमचा भाता उघडला, मिटला. "खोटं बोललास."

"व्हय."

"माझ्या तोंडूनबी बोलवलंस. कडेगावच्या मांडवात."

काढून टाकणार असे वाटले. क्लॅरिनेट पुसून पेटीत ठेवली. तर म्हणाले, "ती कुठं ठेवतोस? दुसरं कडवं कुठाय?"

मी म्हणालो, नाही केलेले.

"मग कर. वडूजचं शेवटचं लगीन हाय. तिथं आदी नाव सांगायचं, मग वाजवायचं. बघू, पिक्चर काढून घेतल्यावर उभं ऱ्हातंय का."

१० जून, शुक्रवार
दुसरे कडवे झाले. नऊदा खोडले. झाले एकदाचे.

१२ जून, रविवार. वडूज
मांडवातल्या माईकवर उस्ताद स्वतः बोलले. "ह्ये गाणं कुठल्या पिक्चरचं न्हाई. मागं आमी सांगितलं ते चूक. आमच्या सदानं बांधलंय."

नवऱ्याचे दोस्त ओरडले, "मग कशाला? पिक्चरचं लावा की!" एक म्हातारा मान हलवत म्हणाला, "तरीच जरा कच्चं वाटत हुतं." अजून एक सूर वाजला नव्हता!

उस्तादांनी ट्रंपेट उचलला. सुरू.

पहिले कडवे गोंगाटात गेले. दुसऱ्याला मागच्या बायका गप्प झाल्या. मग ओरडणारे दोस्तही एकमेकांच्या गळ्यात हात टाकून हळूहळू डुलायला लागले. पुन्हा वाजवा, असे कुणी म्हणाले नाही. पण मध्ये कुणी थांबवलेही नाही.

जीपमध्ये बबन म्हणाला, "लोकांस्नी आवडलं का न्हाई, कळंना गड्या."

उस्ताद डोळे मिटूनच म्हणाले, "लय चांगलं झालं." मला की स्वतःला, माहीत नाही. पण म्हणाले. लिहून ठेवतो.

१३ जून, सोमवार
हंगाम संपला. बँडचे कोट धुवायला दिले.

दुपारी वडूजचे एक गृहस्थ उस्तादांकडे आले. काल मांडवात होते. तुळशीच्या लग्नानंतर त्यांच्या मुलीचे लग्न आहे. "पाठवणीला त्येच गाणं पायजे. दुसरं न्हाई. माझी मंडळी काल रडली." मग जरा जवळ सरकले. "फकस्त पोराचं हाय म्हणून सांगू नगा. पावणं मोठं हायती, नावं ठेवत्याल. पिक्चरचं म्हणा."

उस्तादांनी विडी पेटवली. "पोराला इचारतो."

मी दाराआडच होतो. गृहस्थ गेल्यावर त्यांनी माझ्याकडे पाहिले, विचारले मात्र काहीच नाही. उस्तादही माझ्या उत्तरासाठी थांबलेत. तुळशीच्या लग्नाला अजून पाच महिने आहेत. माझे म्हणायचे की पिक्चरचे, तोवर ठरवायचे.