आठवं गाणं कोणाच्या आवाजात

शुक्र., ७ नोव्हें.
सकाळी चर्चमध्ये मास, तिथून थेट तुबली. तिथला स्टुडिओ गॅरेजच्या वर. शुक्रवारी इथे सुट्टी, खालची ठोकाठोक बंद, म्हणून रेकॉर्डिंग शुक्रवारीच. राफाएलची गिटार छान वाजली, मी नाही. सातवं गाणं कसंबसं उरकलं. जुनं स्पॅनिश कथागीत, त्याला फ्लामेंकोच्या टाळ्या, मध्ये जॅझचा पियानो. वरच्या सुराला आवाज फाटला. राफाएल म्हणाला, "अगेन, ग्रेसी." पाच वेळा.
नऊ वर्षं इथे आखातात, अदलियाच्या हॉटेलात लोकांच्या जेवणामागे गातेय. स्वतःचा अल्बम हा पहिलाच. आनंद व्हायला हवा होता. झोप येतेय नुसती.

सोम., १०
डॉक्टरीणबाईंनी कॅमेरा घालून घसा पाहिला. "स्वरतंतूपे गाठ है. गाना बंद, बोलना भी कम." दोन आठवड्यांनी पुन्हा बघणार, मग कदाचित ऑपरेशन. हॉटेलात सिक लीव्ह टाकली.
आठवं, शेवटचं गाणं राहिलंय. राफाएलचं हॉटेलातलं काँट्रॅक्ट संपलं, २२ ला तो कायमचा स्पेनला.

बुध., १२
घरात कागदावर लिहून बोलतेय.
राफाएलचा मेसेज: हॉटेलातल्या नव्या मारिबेलला आठवं गाऊ दे का? फिलिपिनो पोरगी, गोड गळा. "एकच गाणं. अल्बम तुझाच."
नेमकं तेच गाणं. सात वर्षं नवऱ्याची वाट पाहणारी बाई वाटेवरच्या शिपायाला विचारते, माझा नवरा पाहिलास का. तो शिपाईच तिचा नवरा, तिला ओळखू येत नाही. सगळे स्पॅनिश शब्द मी देवनागरीत लिहून पाठ केलेत. दोन महिने...

शुक्र., १४
मासला गायले नाही. क्वायरमधल्या बाया वळून बघत होत्या.
राफाएलला 'ओके' पाठवलं. रियाने पाहिलं. "यू डिडन्ट ईव्हन फाइट, ममा!" मी लिहिलं, थकले गं. तर म्हणते, "सो? द वुमन इन द साँग इज ऑल्सो टायर्ड, नो?"
सोळा वर्षांची आहे.

शुक्र., २१
तुबलीला गेले, नुसती ऐकायला. मारिबेलने तासाभरात गाणं संपवलं. सुरेल, स्वच्छ. खोटं कशाला लिहू, माझ्यापेक्षा चांगलं.
ती गेल्यावर राफाएलला म्हटलं, एकदा मला गाऊ दे. त्याने पट्टी खाली घेतली. टाळ्या नाहीत, पियानो नाही. गायले म्हणण्यापेक्षा सांगितलं. दोन ठिकाणी आवाजच नाही, नुसता श्वास. राफाएलने तारांवर हात ठेवला. मग म्हणाला, "खलास." म्हणजे झालं, पुरे; हा अरबी शब्द तो इथेच शिकला.

शनि., २२
एअरपोर्टवर सोडलं त्याला. दोन्ही गाणी त्याच्या लॅपटॉपमध्ये. कोणतं ठेवायचं ते मी सांगायचं. मिठी मारली, रडलो नाही दोघंही.

रवि., २३
मेसेज आला: पोहोचलो. कोणतं?
कपडे वाळत घालताना मारिबेलचं ऐकलं, मग माझं, मग परत तिचं. उत्तर टाइप केलं, पुसलं.
घसा दुखतोय. उद्या नऊला डॉक्टरीणबाई. विचारतील, गायलात का.
हो म्हणेन.