सरकारने कापलेला राजा

४ सप्टेंबर १५९८, सोमवार

आजपासून रोजनिशी. मोठी माणसं लिहितात, मग मी का नको.

हम्फ्रीने आज नव्या नाटकातल्या माझ्या पार्टची नक्कल हातात दिली. नाटकाचं नाव राजा ब्रेनॉक. म्हातारा राजा, जिवंतपणी स्वतःच्या हाताने मुकुट उतरवून मुलाला देतो. आमच्यात अख्खं नाटक कुणालाच मिळत नाही. ज्याचा पार्ट त्याला, आणि वर समोरच्याचे शेवटचे दोन शब्द, म्हणजे आपण कधी तोंड उघडायचं ते कळतं. कागदाला कागद चिकटवून गुंडाळी करतात. माझी गुंडाळी घरात सोडून पाहिली. दारापासून निघाली ती चुलीपाशी वळून परत दाराशी आली.

सिसली (माझी लेक, नवरा गेल्यापासून माझ्याचकडे असते) ती ओलांडत म्हणाली, बाबा, एवढं सगळं? म्हटलं, राजा आहे तो, न्हावी नाही.

बावीस वर्षं राजे करतोय. हम्फ्री डॅबनी आज आमच्या नाटक मंडळीचा मालक आहे, पण आवाज फुटायच्या आधी माझ्या राण्या करायचा. हल्ली माझ्याकडे टक लावून बघतो. उशिरा का होईना, आदर वाटायला लागला.

निश्चय: रोज चाळीस ओळी. दुपारच्या आधी बिअर नाही.

५ सप्टेंबर

चाळीसपैकी सहा झाल्या. शेजारचा कासार दिवसभर भांडी ठोकत होता. घसा कोरडा पडला म्हणून बिअर. उद्या चौऱ्याहत्तर करायच्या.

६ सप्टेंबर

चौऱ्याहत्तर हा आकडाच मूर्खपणाचा. आज पहिल्या सहाच पक्क्या केल्या.

सिसली समोरच्याचे शब्द वाचते, मी पुढचं म्हणतो. ती म्हणाली, बाबा, हीच ओळ तिसऱ्यांदा म्हणताय. मी काय करणार? या कवीच्या सगळ्या ओळी सारख्याच. पूर्वीचे कवी नटाचा विचार करून लिहायचे. तिने रोझमेरीचा काढा दिला. बुद्धीला चांगला म्हणे. माझ्या बुद्धीला काय धाड भरलीय? तिचं मन राखायला प्यालो.

८ सप्टेंबर, शुक्रवार

आजचा खेळ जुना. अकरा वर्षं करतोय. दुसऱ्या अंकात फितूर सरदाराला मी फाशी सुनावतो. आज त्याला माफ केलं. मनातून आलं, केलं. सरदार बिचारा तसाच गुडघ्यावर, जावं की राहावं कळेना, कारण तिसऱ्या अंकात त्याचं मुंडकं भाल्यावर येतं. शेवटी हम्फ्रीने दोन शिपाई पाठवून त्याला ओढत नेलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

रंगपटात मी म्हटलं, दया करणं हा राजाचा अधिकार आहे. कुणी हसलं नाही. प्रॉम्प्टर क्रोक, एरवी तोंडाचा पट्टा चालू असतो त्याचा, तोही वहीत डोकं घालून बसला. हम्फ्रीने फक्त खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, मास्तर, घरी जाऊन पडा जरा.

१२ सप्टेंबर

मोठी बातमी. सरकारने माझं भाषण कापलं.

तालमीनंतर हम्फ्री आणि क्रोक दोघं मला बाजूला घेऊन गेले. हम्फ्री जमिनीकडे बघत म्हणाला, मास्तर, क्लार्कनवेलच्या कचेरीतून नाटक तपासून आलं. दुसऱ्या अंकातलं दरबारातलं भाषण चालणार नाही म्हणतात. सगळं काढा म्हणाले. क्रोक म्हणाला, हो हो, सगळं.

त्यांनी नवी नक्कल दिली. चांगली हातभर आखूड.

मी समजून चुकलो. गादीवरच्या राणीसाहेब पासष्टीच्या. मूलबाळ नाही. त्यांच्यामागे कोण, हा शब्द काढला तरी कान कापतात. आणि इथे भर दुपारी, दोन हजार लोकांपुढे, एक म्हातारा राजा उभा राहून म्हणतो की माझे दिवस भरले. मिरच्या झोंबणारच. तेच भाषण दुसऱ्या कुणी म्हटलं असतं तर कापलं असतं का? नसतं. माझ्या, म्हणजे पेटिफरच्या, तोंडी ते धोक्याचं होतं.

कुणाला सांगायचं नाही असं ठरवलं.

१३ सप्टेंबर

न्हाव्याला सांगितलं. नावाड्याला सांगितलं. कालवंवालीला सांगितलं नाही, ती नावाड्याकडून ऐकून मोकळी.

१५ सप्टेंबर

आणखी दोन भाषणं गेली. लढाईचं आणि देवळातलं. हम्फ्री म्हणाला, फार कडक आहेत हो हे लोक. चेहरा पडला होता त्याचा. मीच त्याला धीर दिला. म्हटलं, तू खचू नकोस, राजाला भितात याचा अर्थ राजा जिवंत आहे.

रोलंड फिच म्हणून नवा नट आहे, माझ्या मुलाचा पार्ट करतो, मुकुट त्यालाच द्यायचा. वीस वर्षांचा. एकदा वाचलं की पाठ. अशांचं पाठांतर टिकत नाही. त्याच्या नकलेतलं काही कापलं का, विचारलं. म्हणाला, नाही मास्तर, उलट... आणि क्रोकने त्याला हाक मारली. सरकारला त्याची भीती वाटत नाही, यात त्याचा काय दोष.

१८ सप्टेंबर

लंडनच्या पुलावरच्या दुकानातून सिसलीसाठी हातमोजे घेतले. करड्या कातड्याचे, मनगटाशी हिरवी शिलाई. खूश झाली.

२० सप्टेंबर

पुलावर गेलो होतो. सिसलीसाठी कधी काही घेत नाही, म्हणून हातमोजे घेतले. करडे, हिरव्या शिलाईचे. घरी आलो तर तिच्या हातात तसलेच. योगायोग म्हणावा. मी म्हटलं, अगं, तुझ्याकडे आहेत की. तिने माझ्याकडची जोडी घेऊन नीट बघितली. मग हातातले काढले, मी आणलेले घातले, म्हणाली, हे जास्त छान आहेत बाबा. मापही तंतोतंत. बापाला लेकीचा हात कळतो.

डोळे लाल होते तिचे. कांदा चिरला म्हणाली. रात्रीच्या जेवणात कांदा नव्हता.

२३ सप्टेंबर

नक्कल आता वीतभर. गुंडाळी होतच नाही, घडी करून टोपीत ठेवतो.

हम्फ्री आज घरी आला. मंडळीचा मालक कुणाच्या घरी जात नाही. सिसलीशी चुलीपाशी बसून हळू आवाजात बोलत होता. मी आत गेलो की दोघं गप्प. एवढंच कानावर पडलं: किती दिवस असं, आणि सिसलीचं, त्यांना कळलं तर मरतील हो.

म्हणजे वेळ आली. मला धरायला येणार. मागल्या साली एका नाटकापायी नटांना तुरुंगात बसवलं होतंच. मी शांत आहे. कुणाचंही नाव सांगणार नाही. कवीचं सांगेन.

एक शर्ट, चीज आणि लोकरी टोपी बांधून दाराशी ठेवली.

२५ सप्टेंबर

कुणी आलं नाही. चीज खाल्लं.

२६ सप्टेंबर

आज दारावर थाप. शर्ट नीट केला, ताठ उभा राहिलो, दार उघडलं. हेरिंगवाला होता. त्याच्याकडून तीन मासे घेतले.

२८ सप्टेंबर

माणसाने किती वाट बघायची? निश्चय: स्वतःच क्लार्कनवेलला जाणार. समोर उभा राहून विचारणार, राजाचं तोंड बांधणारे तुम्ही कोण? भाषण तयार केलंय. चांगलं दीडशे ओळींचं आहे. लिहून काढायची गरज नाही.

३० सप्टेंबर, शनिवार

कचेरीत गेलो. भाषण थोडक्यात केलं, कारण कारकुनाला पडसं झालं होतं. साधा माणूस. बसायला स्टूल दिलं. म्हणाला, कुठलं नाटक? मी नाव सांगितलं. त्याने वही काढली, बोट लावून वाचलं. म्हणाला, ऑगस्टमध्येच मंजूर झालंय की. एकही ओळ कापलेली नाही.

म्हटलं, पुन्हा बघा. त्याने पुन्हा बघितलं. म्हणाला, हे बघा काका, राजा आपल्या खुशीने पोटच्या मुलाला गादी देतो, यात कुणाचं काय जातं? साहेबांना तर वाचताना दोनदा जांभई आली. तुम्ही कोण त्यातले?

म्हटलं, राजा.

तो म्हणाला, बरं. आणि नाक शिंकरलं.

साफ खोटं बोलत होता. सरकारी माणूस खरं कशाला सांगेल? वहीसुद्धा दोन ठेवत असतील, एक दाखवायची, एक खरी. येताना रस्ता चुकलो. लंडन हल्ली फार बदललंय. एका पाणक्याने नदीपर्यंत आणून सोडलं.

हम्फ्रीला बोललो नाही. त्याला उगीच काळजी.

३ ऑक्टोबर

उद्या पहिला खेळ. आता माझी एकच ओळ उरलीय, शेवटच्या प्रवेशात. बाकी सगळा वेळ मी सिंहासनावर बसून असतो आणि इतर बोलतात. हम्फ्री म्हणाला, मास्तर, तुम्ही नुसते बसलात तरी पुरे आहे. खरंय ते. खरे राजे फार बोलत नाहीतच. मुकुट काढायचा, रोलंडपुढे धरायचा आणि म्हणायचं, घे बाळा, जड आहे.

चार शब्द. आंघोळ करताना म्हटले, जेवताना म्हटले. पाठ.

४ ऑक्टोबर, बुधवार

खेळ झाला. उत्तम झाला. नाटकघर भरलेलं, वरच्या सज्जातही माणसं.

नावेत सिसलीने ते चार शब्द तीनदा विचारले, तिन्ही वेळा बरोबर आले. रंगपटात क्रोकने विचारलं, आले. चार अंक बसलो. पाठ ताठ, हात मांडीवर. माझ्या डाव्या बाजूचा सरदार म्हणायचा, महाराजांची इच्छा अशी आहे. उजवीकडचा म्हणायचा, महाराज फर्मावतात. मी मान हलवायचो. काही काही ओळी ओळखीच्या वाटत होत्या.

मग शेवटचा प्रवेश. रोलंड येऊन गुडघ्यावर बसला. मी मुकुट काढला, पुढे धरला. आणि थांबलो.

मुद्दाम थांबलो. राजा मुकुट देताना थांबणारच. लोक चिडीचूप. मी आणखी थांबलो. रोलंड ओठ न हलवता काहीतरी पुटपुटला, मला ऐकू आलं, पण ते शब्द आहेत एवढंच कळलं, ते माझे आहेत हे कळेना. मुकुटाचा पत्रा बोटांना लागत होता. मागून क्रोकचा आवाज आला, मग हम्फ्रीचा. मी खाली बघितलं. कुणाचं तरी पोर गुडघ्यावर बसून माझ्याकडे बघत होतं आणि त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. मी विचारलं, काय रे, कुणी रडवलं तुला?

तो म्हणाला, कुणी नाही बाबा. द्या इकडे. जड आहे ते. आणि माझ्या हातातून हळूच मुकुट घेतला.

बायका हुंदके देऊन रडत होत्या. बाहेर एकजण म्हणाला, असा राजा बघितला नव्हता. मी घरी आल्यावर सिसलीला म्हटलं, ते थांबणं माझं स्वतःचं, नाटकात नाही.

५ ऑक्टोबर

सकाळी लवकर नाटकघरात गेलो. कालचे चार शब्द नक्की कुठले ते बघायचे होते. क्रोक नव्हता, त्याची पेटी उघडी होती. आत अख्ख्या नाटकाची वही.

शेवटच्या पानावर कचेरीची मंजुरी, सही, ऑगस्टची तारीख. कुठेही फुली नाही. माझी सगळी भाषणं जागच्या जागी. प्रत्येकाभोवती बारीक रेघ, आणि बाजूला हम्फ्रीच्या अक्षरात, हे सरदार म्हणेल. हे रोलंड. हे राणी. देवळातल्या भाषणापाशी लिहिलंय, हे मास्तरांना फार आवडतं, ठेवून बघू. खाली दुसऱ्या शाईने, नाही जमणार.

मी ते भाषण पूर्ण वाचलं. सुंदर आहे. पहिल्यांदाच वाचल्यासारखं वाटलं.

बराच वेळ सिंहासनावर बसलो. रिकाम्या नाटकघरात कबुतरं फार घाण करतात. कारकून खरं बोलत होता. सरकारला माझं काहीच पडलेलं नाही. ही सगळी मंडळी महिनाभर माझ्यासाठी खोटं बोलली, माझ्या लेकीने घरात बसून ते निभावलं, आणि मी गावभर छाती काढून फिरलो. लाज वाटली. आणि त्या सगळ्यांची इतकी माया आली की उठवेना.

हम्फ्री आला तेव्हा वही पेटीत ठेवली होती. त्याला म्हटलं, हम्फ्री, सरकारकडून निरोप आलाय. पेटिफरने यापुढे राजे करायचे नाहीत.

तो म्हणाला, कुणी आणला निरोप?

म्हटलं, तोंडी आहे. कागद नाही.

त्याने पेटीकडे बघितलं आणि माझ्याकडे.  मग म्हणाला, सरकारी हुकूम आहे मास्तर. त्यापुढे तुम्ही आम्ही काय करणार. म्हटलं, तेच म्हणतो मी. फार कडक आहेत लोक. ब्रेनॉक तूच कर आता, आणि रोलंडला सांग, दुसऱ्या अंकात घाई करतो, श्वास घ्यायला शीक. तो हो म्हणाला आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. मी टोपी घेतली आणि निघालो.

घरी सिसलीलाही तेच सांगितलं, सरकारने बंदी घातली. ती म्हणाली, मेले दुष्ट. आणि मला वाढलं.

इथे मात्र खरं लिहून ठेवतो. हुकूम कुठूनही आलेला नाही. तो मी काढला. लिहिलं नाही तर महिन्याभरात मलाच तो खरा वाटेल, आणि मी क्लार्कनवेलला त्या पडसेवाल्या माणसाशी भांडायला जाईन.