कोल्ह्याची कॉलर आणि रणगाड्यांचा दिवस

मी, केलेमेन एतेल्का, वय अठ्ठावन्न, व्यवसाय नटी, राहणार बुडापेस्ट, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाविना हे मृत्युपत्र करते. दडपण उद्या कोर्टात येणार आहे, म्हणून आजच लिहून मोकळी होते.

१. घर सरकारने घेतलं, त्यामुळे वाटणीची कटकट मिटली. मेकअपची पेटी रोझीला, जिने मला फिरत्या कंपनीपासून नटवलं. माझे वडील रेल्वेत सांधेवाले. मी नाटकात गेले म्हणून त्यांनी मला दार लावलं. पण माझा पहिला बोलपट लागला तेव्हा गुपचूप पहिल्या रांगेत जाऊन बसले.

२. व्हिएन्नाला पळालेल्या नवऱ्याला माझा एक फोटो द्यावा. पाठमोरा.

३. कोल्ह्याच्या कातड्याची कॉलर झोल्नाई पिरोश्काला. वीस वर्षं आम्ही एकच भूमिका आळीपाळीने केली, आणि वीस वर्षं तिचा या कॉलरवर डोळा आहे. प्रयोगाआधी आम्ही नटमंडळी एकमेकांना "हातपाय मोडोत" म्हणतो. तोच आमचा आशीर्वाद; सरळ शुभेच्छा म्हणजे अपशकुन. पिरोश्काने मला तो कधीच दिला नाही. "सगळं छान होऊ दे हं," असं गोड हसून म्हणायची आणि मी हमखास वाक्य विसरायचे.

४. नेमेश लोरांत, रंगमंचावरचा माझा मुलगा, याच्यावर आरोप आहे की गेल्या नोव्हेंबरात उठाव चिरडायला रशियन रणगाडे आले त्या दिवशी त्याने नाटकगृहाच्या छतावरून गोळ्या झाडल्या. तो दिवसभर माझ्यासोबत तळघरात बटाटे सोलत होता. हेच सत्य आहे.

खटल्याची चौकशी करणारे साहेब मला म्हणाले, "बंदूक घेऊन वर जाताना पाहिला, एवढंच म्हणा बाई. शरदात रंगमंच तुमचाच."

"आणि नाही म्हटलं तर?"

"मग त्याच्यासोबत तुम्हीही होतात की. आरोपपत्रात अजून एका नावाला जागा आहे."

मी भित्री आहे. पाच महिने रंगमंचावाचून जीव कासावीस झालाय. उद्या माझी जीभ साहेबांच्या बाजूने वळली, तर लोरांतच्या वकिलाने हे कलम तिथल्या तिथे वाचून दाखवावं. मी जे बोलले तो अभिनय समजावा. तो मला बरा येतो.

सहीच्या वेळी जे घडलं तेही नोंदवते. आमचे जुने प्रॉम्प्टर ओस्कारकाका म्हणाले, "पिरोश्का, साक्षीदाराला वारसा मिळत नाही बरं."

"म्हणजे सही केली की कॉलर गेली?"

"कॉलर गेली. कलम चारमुळे नोकरीही जाईल."

"अगं एतेल, जन्मात एकदा काही देतेस, तेही असं!"

तिने कॉलर गळ्यात घातली, आरशात बराच वेळ पाहिलं, काढली आणि सही केली. मग माझा हात धरून ती म्हणाली, "उद्या हातपाय मोडोत तुझे."

मला रडू आलं. कलम तीन रद्द. कॉलर रोझीला.

केलेमेन एतेल्का

साक्षीदार: विराग ओस्कार, झोल्नाई पिरोश्का

बुडापेस्ट, २६ मार्च १९५७