मिरची कांडपाचं मीटर

९ मे, शुक्रवार
कांडपावर गर्दी. तिखटाचे दिवस. दुपारी वीजबिल आलं, त्याला जोडून दुसरं बिल: जादा अनामत भरा, नाहीतर लाईन कापू. ह्यांनी कनेक्शन घेताना अनामत भरली होती, ती कंपनीकडे तशीच आहे. यंदा तर पिठाची चक्की निम्मा वेळ बंद होती, वीज कमी जळाली. मग जादा कशाची? ऑफिसात विचारलं. साहेब म्हणे, "कॉम्प्युटर काढते बाई, मी नाही काढत."

११ मे
दादांच्या कानावर घातलं. ह्यांचे थोरले भाऊ. हे गेल्यापासून माझं सगळं तेच पाहतात. म्हणाले, "भरू नको अन् भांडूही नको. मी पाहतो."
या वेळी मात्र मीच पाहणार. आधी ऑफिसात तक्रार, नाही ऐकलं तर वीज ग्राहकांच्या तक्रार मंचाकडे. वकील लागत नाही म्हणतात.

२ जून
ऑफिसचं उत्तर आलं: नियमाप्रमाणे आहे, भरा. मंचाकडे अर्ज टाकला. दादांना बोलले नाही. पेरणीच्या घाईत उगीच त्यांच्या डोक्याला ताप.

१७ जून, मंगळवार
बुलढाण्याला सुनावणी. जाऊबाई, दादांच्या घरच्या, सोबत आल्या; दादांना सांगू नका म्हटलं होतं. दोघी मोताळ्याहून सकाळच्या एसटीने.
मी जुन्या बिलांसकट सगळं नीट मांडलं. कंपनीचे साहेब वाट पाहत होते जणू. म्हणाले, "बाई जादा अनामत नको म्हणतात, अन् तिकडे यांच्याच घरून अर्ज आलाय. मीटर कायमचं बंद करा, जुनी अनामत वारसाला परत द्या म्हणून."
वारस म्हणून दादांचं नाव. खाली माझी संमती.
अध्यक्षांनी कागद पुढे सरकवला. "सही तुमची?"
पाहिली. माझीच.
"सही माझी आहे साहेब. अर्ज माझा नाही."
आणखी काय बोलले आठवत नाही. ह्यांच्या तेरवीच्या दुसऱ्या दिवशी दादांनी कागदांचा गठ्ठा आणला होता. "वारसाचे हायेत, कर सह्या." केल्या. कोरे होते की लिहिलेले, कोणी पाहिलं.
पुढच्या तारखेपर्यंत लाईन कापायची नाही, असं मंचाने सांगितलं. कागद कोणी आणला, सही कशी झाली, ते मी लिहून द्यायचं. शुक्रवारपर्यंत.
एसटीत राजूर घाट उतरल्यावर जाऊबाई एवढंच म्हणाल्या, "मले काहीच माहीत नव्हतं वं."
खरं वाटलं. पण दादांचंही सगळं खरंच वाटत होतं.

१८ जून
कांडप उघडलं नाही. बाया मिरच्या घेऊन आल्या, परत गेल्या. भिंतीला टेकून बसून राहिले. दोन वर्षं रोज ह्यांच्या हाताखालची माणसं सांभाळली, मशीन सांभाळलं, आणि घरात कोणीतरी ते बंद करायचा अर्ज देऊन बसलं.

१९ जून
दादा स्वतः आले. जाऊबाईंनी सांगितलं असणार. खुर्ची दिली. पाणी दिलं. का दिलं, कळत नाही.
"काऊन केलं दादा?"
"कांडपाच्या जागेले गिऱ्हाईक आलं होतं. मीटर चालू असलं की माणूस हलत नाही."
"मले विचारायचं तरी."
"विचारलं असतं तं तू नाही म्हटलं असतं."
आवाज चढवला नाही. ह्यांच्यासारखाच आवाज आहे. पाणी पिऊन गेले.
नंतर कांडप उघडलं. ठसका लागत होता ते बरं होतं, डोळ्यांचं कोणी विचारलं नाही.

२० जून, शुक्रवार
कागद पुढ्यात. "ही सही माझ्याकडून" एवढं लिहून झालंय. पुढे दादांचं नाव लिहायचं. ते लिहिलं की सख्खं घर तुटलं. नाही लिहिलं तर कांडप गेलं.
आत्ता जाऊबाईंचा फोन. "लिहून दे तू. पण साहेबानं मले विचारलं तं मी काय सांगीन, ते मलेच ठाव नाही."
फोन ठेवला, पेन उचललं.
बुलढाण्याची एसटी अकराला आहे.