संत्र्याच्या शिरा

अमरावती, ३ ऑगस्ट १९५८

शेषरावांनी कथा परत केली. दिवाळी अंकाचे संपादक. माणूस वाईट नाही.

"मास्तर, लिवलं झकास! पण हे दोन पोट्टे एका खोलीत रायतात, एकमेकायवर जीव टाकतात, अन् शेवटी दोघंई जित्ते? एकाले मारा. मेला त लोक रडतीन. जगला त विचारतीन!"

खोटं नाही. टॉकीजमध्येही तेच — दोस्तासाठी दोस्त मरतो आणि हुंदके ऐकू येतात. नाहीतर एखादा बाईसारखी कंबर हलवतो आणि शिट्ट्या.

"नाई त एकाची बाई करा," म्हणाले.

७ ऑगस्ट

कथेतल्या एकाला मारायला बसलो. चंद्रभानला मारवेना. बावीस वर्षांपूर्वीची कॉलेजातली खोली. संत्र्याच्या फोडीवरची एकेक शीर काढायचा, मगच फोड माझ्या तळहातावर ठेवायचा. आता अकोल्याला जुन्या शहरात बायकोमुलांत आहे. पण आहे — जिवंत आहे!

१९ ऑगस्ट

बाई केली. नाव मालती. शेवटी लग्न.

हे प्रेमापोटी केलं की भीतीपोटी?

मूळ प्रत न्हाणीतल्या बंबात घातली. म्हणजे भीतीच.

१८ नोव्हेंबर

वाचकांची पत्रं येताहेत. सगळ्यांना मालती आवडली.

बायकोनं, पंचफुलेनंही वाचली. संसाराला अठरा वर्षं झाली, माझं लिहिलेलं ती क्वचितच वाचते. म्हणाली, "यात लिवन्यासारखं काय हाय? नवऱ्याले संत्रं सोलून आमी रोजच देतो."

बरोबर आहे तिचं. बाईनं केलं की ती रीत. त्यानं केलं तेव्हा ते काय होतं — ते मीच पुसून टाकलं.

२३ नोव्हेंबर

चंद्रभान आला. पिशवीत अंक. पंचफुला पाणी ठेवून आत गेली, तेव्हा बोलला.

"मालती म्हंजे मीच ना?"

"ते तुला मारायला सांगत होते. मी वाचवलं."

"मारून टाकाचं होतं, गड्या! मी मेलो असतो. हे कोन जगून रायली माह्या जागी?"

मग हळूच म्हणाला, "पयली लिवलेली दे. एक डाव वाचतो."

जाळली, म्हणून सांगितलं. चहा न घेताच स्टेशनवर गेला.

२४ नोव्हेंबर

पुन्हा लिहायला बसलो. तीच खोली, तेच संत्रं. शिरा काढणारे हात आठवून पाहतो — हातांत बांगड्या आहेत.