चहावाल्या साहेबांची कॉफी

अल खर्ज, सौदी अरेबिया, सोमवार, फेब्रुवारी १९९१

आज हसूही येतंय आणि स्वतःची थोडी लाजही वाटतेय.

लढाईमुळे बाकीचे इंग्रज निघून गेले, पण आमचे म्हातारे चहाचे व्यापारी हॅरीसाहेब लंडनहून हजर! एका हातात नमुन्यांची पेटी, दुसऱ्या हातात गॅस मास्क. त्यांचा चहा आमच्या दुकानातून विकायच्या एजन्सीचा करार आज व्हायचा होता. तो फिसकटला असता तर दुकान बंद, आणि माझा इकामा, इथे राहायचा परवानाही खलास.

साहेब एकेक चहा चमच्याने सुर्रकन ओढून, तोंडात घोळवून बादलीत थुंकत होते. चहा पारखायची रीतच ती. तेवढ्यात माझ्या कफीलने, म्हणजे मला इथे ठेवणाऱ्या अरब मालकाने, स्वतःच्या हाताने कॉफी ओतून दिली, आणि साहेबांनी त्याच नादात तीही थुंकून टाकली! कफीलच्या कपाळाला आठ्या. मी घाईने म्हटलं, "शेख, सवय आहे त्यांची."

साहेबांनी ओशाळून पेला पुढे केला. कफीलने भरला, ते प्याले. पुन्हा भरला. इथे रिकामा पेला हलवल्याशिवाय ओतणारा थांबत नाही. मी साहेबांना खूण करायला हवी होती का? नाही केली. प्रत्येक पेल्यागणिक कफील खुलत होता ना! सहाव्या पेल्याला तो चक्क हसला आणि त्याने करारावर सही ठोकली.

तेव्हा कुठे साहेबांनी माझ्याकडे बघत पेला हलवला. अगदी सफाईने, इथल्या माणसासारखा.

बारा वर्षं इथे येतायत ते. पेला हलवायची रीत त्यांना ठाऊक नसेल?

आणि मी समजत होतो, मीच त्यांना पाजतोय.