पाच खडे आणि अठ्ठावन्न पायऱ्या

तीर्थरूप दाजींच्या चरणी धाकट्या मेहुण्याचा दुरूनच नमस्कार. (वाकून करता आला असता तर एवढं लांबलचक पत्र लिहायची वेळ आली नसती. ते पुढे येईलच.)

इकडे सगळे मजेत. तुमची खुशाली दर रविवारी ताई फोनवर सांगते, म्हणजे तिला सांगायची असते तेवढी सांगते आणि उरलेली मी तिच्या आवाजावरून काढतो. खोकला आता गेला असेल, डोळ्याचं ऑपरेशनही मानवलं असेल. हे अक्षर बघून तुम्ही चष्मा काढून, पुसून पुन्हा लावला असणार, कारण अकरा वर्षांत मी तुम्हाला एक ओळ लिहिलेली नाही. पाकीट ताईच्या हाती पडलं तर तिनं ते आधी फोडू नये. फोडणारच असेल तर निदान मोठ्यानं वाचावं.

अकरा वर्षांपूर्वी काय झालं ते आपल्या दोघांनाही पाठ आहे, पण पाठांतरात फरक असू शकतो, म्हणून माझ्या बाजूचं एकदा मांडतो. आयुष्यभर लोकांची घड्याळं दुरुस्त केल्यावर तुम्ही दोन वर्षं खपून स्वतःच्या हातानं लंबकाचं एक घड्याळ बनवलंत, बाहेरच्या खोलीत भिंतीवर टांगलंत आणि ते बघायला पंचवीस माणसं बोलावलीत. लंबक हलला, सगळे गप्प झाले, आणि त्या शांततेत मी म्हणालो, "दाजी, लंगडतंय." (टिक आणि टक यांच्यातलं अंतर सारखं नव्हतं, त्याला मी काय करू? शिवणयंत्रांच्या दुरुस्तीत पस्तीस वर्षं गेली. मशीन दुकानाची पायरी चढायच्या आत त्याच्या खडखडाटावरून मी सांगतो की कुठला स्क्रू सैल आहे. एका स्टुलापासून सुरुवात करून आज जे दुकान उभं आहे ते याच दोन कानांवर. पण देवानं त्यांना बंद करायचं बटण दिलेलं नाही.) तुम्ही माझ्याकडे न बघता म्हणालात, "शिवणयंत्रं ठोकणाऱ्यानं घड्याळाला कान लावू नये." पंचवीस माणसं हसली. (चोवीस. ताई हसली नाही.) मी तसाच निघालो, दोन दोन पायऱ्या गाळत जिना उतरलो (तेव्हा गुडघे होते) आणि खाली फाटकापाशी कानाला खडा लावला की या घराची पायरी पुन्हा चढायची नाही.

आता मुद्द्याचं. मला येत्या तीस तारखेपर्यंत एका इमारतीच्या अठ्ठावन्न पायऱ्या चढायच्या आहेत. तिसऱ्या मजल्यावर एक जुनं गिऱ्हाईक आहे. त्याचं एक यंत्र बंद पडलंय. ते खाली आणता येत नाही, गिऱ्हाइकाला खाली येववत नाही, आणि दुसऱ्या कुणाला ते यंत्राला हात लावू देत नाही. (तुमचा जिना मोजायला उठू नका. अठ्ठावन्न पायऱ्यांच्या इमारती पुष्कळ असतात.) फार दिवस उभ्या राहिलेल्या यंत्रातलं तेल घट्ट होतं, मग यंत्र हट्टाला पेटतं, आणि या गिऱ्हाइकाचंही तसंच आहे. म्हणून तारीख मीच घातली आणि मोडायची नाही असं ठरवलं.

अडचण उजव्या गुडघ्याची. पाचव्या पायरीला तो बोलायला लागायचा, नवव्या पायरीला मी कठडा धरायचो आणि बाराव्या पायरीवरून माघारी फिरायचो. हाडांच्या डॉक्टरांकडे गेलो तर त्यांचा दवाखाना दुसऱ्या मजल्यावर आणि लिफ्ट बंद. (चष्मेवाल्यानं दुकानाची पाटी मुंगीच्या अक्षरांत लावावी, तसला प्रकार.) मध्ये दोनदा बसून, घामाघूम होऊन वर पोचलो, तर ते म्हणाले, "चढून आलात ना? मग एवढं काही वाईट नाही." वजन उतरवा, रोज थोडा थोडा जिना चढा, सहा महिन्यांनी बघू. माझ्या हातात दिवस होते सव्वीस. खाली आलो तर समोरच पाटी, 'कर्णबिंदू उपचार केंद्र. कान दाबा, दुखणं दवडा.' केंद्र तळमजल्यावर होतं. उपचारपद्धती निवडण्याचं माझं शास्त्र एवढंच.

तिथल्या बाई पूर्वी टायपिंग शिकवायच्या, त्यामुळे बोलताना त्यांची दहाही बोटं हवेत चालतात. भिंतीवर माझ्याएवढ्या उंचीच्या कानाचा तक्ता, आणि त्या कानात उलटं झोपलेलं एक बाळ, डोकं खाली पाळीत आणि पाय वर. बाई म्हणाल्या, "कान म्हणजे अख्खा माणूस असतो, उलटा." माझा गुडघा कुठे म्हणून विचारलं तर त्यांनी कानाच्या वरच्या भागावर छडी टेकवली. दाजी, आमच्या घरातलं मत असं आहे की माझी अक्कल गुडघ्यात आहे. आता गुडघा जर कानात असेल तर अक्कलही कानातच आली, आणि हेच मी घरी पस्तीस वर्षं सांगतोय.

बाईंच्या शास्त्रात मला खटकली ती नावं. आपल्या धंद्यात एका भागाला एक नाव. बॉबिन म्हणजे बॉबिन, लंबक म्हणजे लंबक. बाईंकडे एकेका जागेला तीन तीन नावं. एक पुस्तकातलं, एक परदेशातून आलेलं, एक बाईंनी स्वतः ठेवलेलं. वरच्या खळगीला पुस्तकात 'त्रिकोणी खाच' म्हणतात, तिथल्या बिंदूला 'शेनमेन' म्हणजे आत्म्याचं दार, आणि बाई घाईत असल्या की नुसतं 'दार'. मधला खोलगट भाग 'कर्णशंख'. भोकापुढचा छोटा उंचवटा, जो आपण लाऊडस्पीकर सुरू झाला की दाबतो, तो 'ट्रॅगस', पण बाई त्याला 'द्वारपाल' म्हणतात. बाहेरची सगळी कड म्हणजे 'हेलिक्स'. मी वही नेली होती, सगळं उतरवून घेतलं. पाचवीत मास्तर माझा जो भाग पिळायचे त्याला एवढं भारदस्त नाव आहे हे मला पन्नास वर्षांनी कळलं. (मास्तर नाव न घेताच पिळायचे.)

मग तपासणी. एक डबी, तिला वायर, वायरच्या टोकाला पेनासारखी सळई. सळई कानावर फिरवायची, दुखऱ्या अवयवाचा बिंदू आला की डबी 'पीं' करते. माझ्या कानावर ती कुठेही 'पीं' करायला लागली. गुडघा, यकृत, आतडं, दाढ. बाईंचा चेहरा गंभीर होत चालला, माझ्यात काही धड उरलंय असं त्यांना वाटेना. पण मी त्या आवाजाकडे कान देऊन बसलो होतो आणि तो माझ्या यकृतातून येत नव्हता. सळईच्या बुडाशी वायर सैल होती, ती हलली की डबी बोंबलत होती. 'बाई, तुमचं यंत्र लंगडतंय' हे शब्द अगदी दाताशी आले होते, ते गिळले (अकरा वर्षांत एवढं शिकलोय) आणि म्हणालो, "बाई, जरा स्क्रू ड्रायव्हर मिळेल?" वायर घट्ट करून दिली. त्यानंतर डबी अशी गप्प झाली की बाई कासावीस झाल्या. गुडघ्यावर नाही, कंबरेवर नाही, दारावर नाही. शेवटी पाळीच्या पुढच्या कडेशी सळई टेकली आणि डबी अशी केकाटली की बाहेर बसलेल्या आजोबांनी पडदा सरकवून आत पाहिलं.

"हा कुठला अवयव?" मी विचारलं.

"अवयव नाही. हा आक्रमकता बिंदू. कुणाशी तरी जुनं भांडण आहे तुमचं."

"छे! माझं कुणाशी भांडण नाही."

पीं.

(वायर मी स्वतः आवळली होती, त्यामुळे यंत्राला दोष देता येईना.)

तर बाईंनी माझ्या उजव्या कानाला पाच खडे लावले. मोहरीएवढ्या बिया, प्रत्येकीवर चिकटपट्टीचा चौकोन. चार गुडघ्यासाठी आणि पाचवा मी न सांगता पाळीच्या त्या जागेवर. खडे म्हटलेलं त्यांना आवडत नाही. "खडा नव्हे हो, कर्णबीज." दिवसातून तीनदा ते दाबायचे आणि दाबत असतानाच दुखरा भाग हलवायचा. बाईंना मराठी येत नाही असं नाही, पण कानाला खडे लावून माणसाला भरवस्तीत सोडलं की काय होतं याचा त्यांनी विचार केलेला दिसत नाही. घरात पाऊल टाकलं तर बायको म्हणाली, "कानाला खडा? कशाबद्दल? आधी मला सांगायचं तरी." चहावाल्यानं दुरून बघितलं आणि मी चहा सोडला असं समजून तीन दिवस दुकानाकडे फिरकलाच नाही. शेजारचा कुलपांचा दुकानदार आत येऊन, खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "होतं असं. पण इतकं मनाला लावून घेऊ नये." काय होतं ते त्यानं सांगितलं नाही, मी विचारलं नाही. पडदे शिवणाऱ्या एक बाई आहेत, त्यांचं मशीन मी 'मंगळवारी देतो' म्हणून नेहमी शुक्रवारी देतो. त्या म्हणाल्या, "चला, मंगळवारी देतो म्हणणं एकदाचं सोडलंत." त्याच बाईंच्या मशीनवर मी वाकून काम करत होतो. चाक फिरवलं तर आतून 'कट्ट'. मी डोळे मिटून सांगितलं, "शटलपाशी काहीतरी अडकलंय. कडक, गोल, मोहरीएवढं." उघडलं तर माझंच कर्णबीज. बाई थक्क. "नुसत्या आवाजावरून ओळखलंत?" मी मान डोलावली. (फार जपून. अजून चार होती.)

पण मी मागे हटलो नाही. दुकानात पोटमाळ्यावर जायला नऊ पायऱ्यांचा लाकडी जिना आहे. सहा वेळा चढलं की चोपन्न, आणि वर चार. खडा दाबायचा आणि गुडघा हलवायचा, म्हणजे एका हातानं कान धरून जिना चढायचा. रस्त्यावरून बघणाऱ्याला वाटावं की या वयात याला कुणी शिक्षा केलीय. बायको खाली उभी राहून मोजायची. "एकवीस. कान सोडू नका. बावीस." पहिल्या दिवशी अकरा झाल्या. आठव्या दिवशी तीस. मध्ये दोन दिवस पाऊल उचलेना, तेव्हा बायको म्हणाली, "राहू दे आता, गिऱ्हाईक काय पळून चाललंय का?" मी म्हटलं, पळून जाणारं असतं तर मी कशाला चढलो असतो? काल संध्याकाळी अठ्ठावन्न झाल्या. न थांबता, आणि नंतर खाली बसण्याऐवजी मी उभा राहिलो.

आज केंद्रातल्या बाईंनी उरलेले चार खडे काढले. मी आरशात कान बघितला, चार लाल ठिपके. मग त्यांना विचारलं की कानाचा खडा निघाला तर ज्यासाठी लावला होता ते उरतं का? बाईंनी पुस्तक चाळलं, त्यात तसं काही नव्हतं. तेव्हा मीच निकाल दिला की उरत नाही.

असो. फार लिहिलं. गरम पाणी घेत जा, गार वाऱ्यात गॅलरीत बसू नका. ताईला वेगळा नमस्कार लिहीत नाही, ती वाचतेच आहे.

आपला मेहुणा,
शिवणयंत्रं ठोकणारा

ता. क. गिऱ्हाईक कोण ते तुम्ही पहिल्या पानावरच ओळखलं असेल. दर रविवारी ताईशी बोलताना तिच्या मागे भिंतीवर तुमचं घड्याळ ऐकू यायचं. टिक, टक्, टिक, टक्. अकरा वर्षं. ताई मध्येच विचारायची, "ऐकतोयस ना?" मी दोघांचं ऐकत असे. गेल्या महिन्यात एका रविवारी ती बोलत होती आणि तिच्या मागे काहीच नव्हतं. मी तिचं बोलणं तोडून विचारलं. ती आवाज खाली आणून म्हणाली, "हात थरथरतो रे त्यांचा. किल्ली देताना निसटते. दुसऱ्या कुणाला हात लावू देत नाहीत." फोन ठेवल्यावर मी दुकानात जाऊन बसलो. तिथे सहा मशीनं चालू होती आणि मला काही ऐकू येत नव्हतं. रविवारी, तीस तारखेला, सकाळी दहा वाजता मी येतोय. किल्ली तुम्हीच धरा, फिरवायला फक्त माझा हात वापरा. हो म्हणायची गरज नाही. नको असेल तर दार लावून घ्या, मी जिन्यात बसेन. चढून झाल्यावर लगेच उतरू नये असं डॉक्टरांचं सांगणं आहे. (हे मी त्यांच्याकडून काढून घेतलं.)

ता. क. दुसरा. कर्णबिंदूंनी गुण आला असं बाईंना मी लिहून दिलंय, ते खोटं नाही, पण पुरतं खरंही नाही. जिन्यावर पंधराव्या दिवशी मला माझ्याच पावलांचा आवाज आला. टिक, टक्. मी थांबलो. तोच लंगडा आवाज. बूट काढून बघितला तर उजवी टाच बाहेरून निम्मी झिजलेली. चांभारानं ती बसवून दिल्यापासून गुडघा बराच सुधारलाय. कुठे बोलू नका.

ता. क. तिसरा आणि शेवटचा. त्या टाचेवरून सुचलं म्हणून लिहितो. घड्याळात दोष असता तर ते वर्षभरात थांबलं असतं. तुमचं अकरा वर्षं चाललं. म्हणजे आतलं यंत्र खणखणीत आहे, आणि ते शिवणयंत्रवाल्यालाच काय, कुणालाही जमलं नसतं. खिळ्यावर ते तेवढं किंचित एका अंगाला कललंय. घड्याळाची खालची बाजू तांदळाच्या दाण्याएवढी डावीकडे सरकवायची आहे. मी रविवारी भिंतीशी उभा राहीन, तुम्ही म्हणाल तेव्हा सरकवीन, न म्हणालात तर त्याला लंगडू दे, मला त्याची सवय आहे. आणि घरात कुणी पाहुणे असले तरी काळजी करू नका. बाईंनी एक जास्तीचं कर्णबीज दिलंय. ते मी तुमच्या दारात, बेल वाजवायच्या आधी, कानाला लावणार आहे.